कडू पाला

सोयाबीन काढताना सकाळी शेतात बैलाला घोणस चावली, म्हणून भारतनं टेम्पो करून बैल जनावरांच्या दवाखान्यात आणला. साक्षी डॉक्टरनं सलाईनमधून विषावरचं औषध सोडलं. दुपारी बैल उठून उभा राहिला, तसा भारत त्याच्या गळ्यातच पडला.

"आमच्या घरचीलाबी तीच चावली," तो सहज बोलून गेला.

"बायकोला? मग कुठाय ती?"

"घरीच हाय. कडुलिंबाचा पाला चारला, कडू लागला म्हणली. कडू लागला मंजी विष चढलं न्हाई. हिरड्यातून रक्त येऊन राहिलंय जरासं, बाकी काई न्हाई."

साक्षीनं घाईघाईनं एकशे आठला फोन लावला. या माणसाकडं बघायचीही तिला किळस आली.

"मग बैलालाही पालाच चारायचा होता ना!"

 

"त्याला कडू लागला का न्हाई, कसं कळावं म्याडम? मुकं जनावर हाय त्ये."