इनेसबाईचं पान

कावळा शिवेना.

सर्वपित्री अमावास्या होती. सोनाळ्यात रामरावांच्या गच्चीवर दोन पानं वाढलेली. रामरावांच्या आईचं पान कावळ्यानं केव्हाच विसकटलं होतं. दुसरं जसंच्या तसं. खिरीवर साय धरू लागली होती. पानाला अगदी गुडघा टेकवून रामरावांच्या पत्नी शालूबाई हात जोडून बसल्या होत्या. कावळा शिवल्याशिवाय घरात कोणी जेवायचं नाही, आणि रामरावांना भूक मुळीच सोसत नाही.

दुसरं पान होतं इनेसबाईचं.

इनेसबाई म्हणजे स्पेनमधली नटी. शालूबाईंनी तिला पहिल्यांदा पाहिलं ते हिंदीत डब केलेल्या मालिकेतली खाष्ट सासू म्हणून. मग सून राखीनं मोबाइलवर तिचं जुनं सगळं शोधून दिलं आणि दोघींनी तिची अख्खी कारकीर्द उलटी पाहिली. सासूची आई झाली, आईची नायिका झाली, शेवटी दोन वेण्या घालून बकऱ्या राखणारी पोरगी उरली. भाषा कळत नव्हती, पण अडत कुठे होतं? रडताना तिचं नाक आधी लाल होतं, असं शालूबाई सांगत. काळ्या-पांढऱ्या सिनेमातही त्यांना ते लालच दिसे.

गेल्या आठवड्यात शालूबाईंनी डोळ्याला पदर लावून घरात सांगितलं, इनेसबाई गेली. पडद्यावर पोरंच पोरं, खरं एकही नाही. तिला पान कोण वाढणार?

घरात तसाही सुतकासारखाच आठवडा चालला होता. राखीला एसटीत कंडक्टरची नोकरी लागली होती. सोमवारी जळगाव जामोदच्या आगारात हजर झाली नाही तर नोकरी जाणार. रामराव म्हणत, "आपल्या घरची सून गर्दीत तिकिटं फाडन काय?" राखीचा नवरा शिवम बापापुढे बोलत नव्हता.

"अवं, ती इस्पेनची," रामराव जिन्यातून म्हणाले. "सोनाळ्याचा कावळा तिले कसा वळखन?"

"तुमच्या मायले वळखलं ना त्यानं? ती तं फोटोलेही कधी उभी नाई राह्यली."

शेजारच्या गच्चीवरून सिंधूताई म्हणाल्या, "जीव अटकला असन कशात तरी. काही कबूल करा, दादा."

"मी काऊन? मी का तिच्या सिरियलीत होतो?"

"पान घरच्या कर्त्याच्या हातचं," सिंधूताई म्हणाल्या. "बोलही त्याचाच लागते."

शालूबाईंचा आवाज घोगरा झाला. "सुनेले दार वलांडू देलं नाई हो तिनं सिरियलीत. मुलाखतीत म्हने, तेवढीच रुखरुख हाये जिवाले." पुढे त्यांना बोलवेना. त्यांनी पदरात तोंड लपवलं.

जिन्यात झारा घेऊन उभी असलेली राखी खाली बघू लागली.

रामरावांनी पानाकडे पाहिलं. खालून कढीचा वास येत होता. सिंधूताई कठड्यावर कोपरं टेकून निवांत उभ्या होत्या, म्हणजे संध्याकाळपर्यंत साऱ्या गावाला कळणार.

"बरं," ते पुटपुटले. "जाऊ द्या तिले सोमवारी."

"कावळ्याकडं पाहून म्हना. मोठ्यानं."

रामराव मोठ्यानं म्हणाले. सिंधूताईंनी ऐकलं, निंबावरच्या कावळ्यानं ऐकलं. शालूबाईंनी पानाला नमस्कार केला आणि उठून जिन्यापर्यंत मागे आल्या. पान मोकळं झालं. कावळा झपकन उतरला, वडा उचलून गेला. कावळ्यापुढे दिलेला शब्द मागे घेता येत नाही, हे रामरावांना सांगावं लागलं नाही. ते मुकाट्यानं जेवायला बसले.

चुलीपाशी राखीचे डोळे गळत होते. "आत्याबाई, मरता मरता माह्यं भलं करून गेली हो ती."

"कोन मेलं?" शालूबाईंनी बाहेर नजर टाकली आणि आवाज खाली आणला. "धडधाकट हाये ती. कालच्या व्हिडिओत द्राक्षं खाऊन राह्यली होती."

राखीच्या हातातला वडा परातीत पडला. "मंग तुमचं ते रडनं?"

शालूबाईंनी पदर सारखा केला. थोड्या लाजल्या.

"पह्यलंच काम होतं, बाई," त्या म्हणाल्या. "जास्त तं नाई झालं?"