तिरका घाव

फौजदाराने भाल्याचं पातं ऐरणीवर आपटलं.

"चौकीतल्या साहेबाच्या छातीतून काढलंय हे. लोहार हातोड्याच्या घावावरून घडवणाऱ्याचा हात ओळखतो म्हणतात. बोल म्हातारबा, कोणाचा हात? नाव सांग, नाहीतर गल्लीतलं एकूण एक घर जाळतो."

फौजदार इथलाच, पण परक्या राजाच्या खाल्ल्या मिठाला जागणारा. म्हातारा लोहार पातं घेऊन दाराशी गेला. उजेडात धरून त्याने त्यावर बोट फिरवलं. घाव डावीकडून उतरले होते. टोकापाशी तिसरा घाव जरा तिरका. ही खोड मोडता मोडता त्याचे स्वतःचे केस पिकले होते, पण पोराने सोडली नाही ती नाहीच.

गल्लीत डावरा लोहार तेवढा एकच. उपासमारीत सरकारी कोठाराचं कुलूप फोडलं म्हणून गेल्या उन्हाळ्यात त्याला चौकात फाशी दिलं. बापानेच खाली उतरवून घेतला. आणि हे पातं तर कोरं करकरीत.

अरे देवा! मेलेलं माणूस कधी लोखंड घडवतं का?

मागे भाता थांबला. सुनेने डावा हात पाठीमागे नेला, पण तळव्याला बांधलेली चिंधी म्हाताऱ्याला दिसलीच. विहिरीचा दोर घासला म्हणाली होती. नवऱ्याशेजारी बसून इतकी वर्षं भाता ओढला, त्याचा हात बघून बघून ही घडवायला शिकली. त्याची चूकसुद्धा शिकली!

"दातखीळ बसली का?" फौजदार ओरडला.

"माझ्या मुलाचा हात आहे," लोहार म्हणाला.

"कुठंय तो?"

"मला काय विचारता? तुम्हीच तर लटकवलात."

फौजदार हसायला गेला, पण हसू काही फुटेना. मघाशी पलीकडच्या दोन्ही लोहारांनी हेच नाव घेतलं होतं. आणि चौकातला तो फाशीचा दोर फौजदाराने स्वतःच ओढला होता. बाहेरच्या शिपायांना घेऊन तो घाईने निघाला, तेव्हा पातं उचलायचंही त्याला सुचलं नाही.

घोड्यांचा आवाज विरल्यावर सून रडायलाच लागली.

"चुकलं माझं, मामंजी. यापुढे उजव्या हाताने मारीन."

म्हाताऱ्याने पोराचा हातोडा तिच्या चिंधी बांधलेल्या हातात दिला आणि स्वतः भात्याशी जाऊन बसला.

"हात बदलायचा नाही," तो म्हणाला. "आणि पोरी, तो तिसरा घाव तिरकाच पडू दे."