हात मांडीखाली

कुत्र्याचं पिल्लू घरी येऊन चार दिवस झाले, चारही दिवस मी तेच सांगतेय. केळीच्या रिकाम्या क्रेटचं कुंपण करून त्याला कोपरा दिलाय. पोरांनी बाहेर बसायचं, हात मांडीखाली; ते आपणहून जवळ आलं तरच कुरवाळायचं, खाताना अजिबात नाही. पाच वर्षांची लेक शिकली, तिचा धाकटा भाऊ शिकला. सासरे, म्हणजे आबा, शिकेनात. आज पिल्लू दूधभाकरी खात असताना आबा नातवाला घेऊन थेट कुंपणाच्या आत बसले. "पिल्लू शे ते, काय करी?" नातवाचा हात ताटलीकडे गेला, पिल्लू गुरगुरलं. मी लाटणं टाकून धावले, त्याआधीच लेक ओरडली, "हात मांडीखाली!" नातवाने चटकन हात मांडीखाली घातले. आबांनीही. मी पोराला बाहेर घेतलं, आबांना नाही. अर्ध्या तासाने म्हणाले, "कितला येळ बसू, पोरी?" "ते आपणहून येईपर्यंत." पिल्लू घोरत होतं.