तीनशे हातांवरून

पाण्यात डोकं होतं. काळं, भिजलेलं, लाटेआड जाऊन पुन्हा वर येणारं. गस्तीच्या बोटीवर ते एकट्या सुकाणूवाल्याला दिसलं, तेही नुसत्या डोळ्यांनी. कप्तान खाली दाढी करत होता आणि बाकीचे चहावर तुटून पडले होते. सुकाणूवाल्याने एका हाताने चाक धरलं, दुसऱ्या हाताने दुर्बीण डोळ्यांना लावली आणि चेहरा ओळखला. तो मालक होता. याच बोटीचा जुना मालक.

तेव्हा ही बोट राखाडी नव्हती. पांढरीशुभ्र यॉट होती, आत मखमली गाद्या, आणि आज जिथे तोफ बसवली होती तिथे सरबताचे पेले किणकिणायचे. पाच वर्षांपूर्वी अशाच एका संध्याकाळी सुकाणूवाल्याच्या धाकट्या भावाची होडी उलटली. भाऊ पोहत होता, हात हलवत होता. यॉट सरळ त्याच्या अंगावरून निघून गेली. थोरल्याने ते धक्क्यावरून स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं.

चौकशीत मालकाने शपथेवर सांगितलं, "चाकावर मीच होतो. पण चाकामागून संध्याकाळच्या उजेडात शंभर हातांवरचं डोकंही दिसत नाही. कुणालाच दिसणार नाही." साहेबांनी मान डोलावली. साक्षीदार काय, तर सख्खा भाऊ. त्याचं कोण ऐकतो? आई दिवसभर कचेरीच्या पायऱ्यांवर बसून राहिली.

"नवा पुरावा आणा, मग फाईल उघडू," कारकून म्हणाला.

"पुरावा काय आता समुद्रातून काढून आणू?" थोरला खेकसला. कारकुनाने खिडकी लावून घेतली.

मग लढाई पेटली. सरकारने खासगी बोटी ताब्यात घेतल्या आणि यॉटला राखाडी रंग फासला. थोरल्याने नौदलाच्या साहेबांच्या हातापाया पडून याच बोटीवर नेमणूक मागून घेतली. हिला खडकावर घालायची, एवढंच त्याच्या डोक्यात होतं. पण बोटीवर कायम आठजण असत आणि त्यांतल्या एकानेही त्याचं काही वाकडं केलं नव्हतं. दोन वर्षं त्याने राग गिळला आणि बुडवायला घेतलेली बोट इमानाने चालवली. तिने किनाऱ्यावर पहारा दिला, सुरुंग हुडकले, एकोणीस माणसं पाण्यातून वर काढली. दर वेळी तो मनात म्हणायचा, यांत एक माझा का नाही?

आणि आज हा विसावा माणूस. चाक नुसतं सरळ धरून ठेवायचं होतं. कुणाला पत्ताही लागला नसता. त्याने दात आवळले. मग घड्याळ पाहिलं. क्षितिजाला टेकलेला सूर्य पाहिला. डोक्यापर्यंतचं अंतर नजरेने मोजलं, पुन्हा मोजलं. आणि चाक गरकन फिरवलं.

मालकाला वर ओढून घोंगडीत गुंडाळलं. त्याने सुकाणूवाल्याला ओळखलं नाही. कचेरीत एकदा पाहिलेला गरिबाचा चेहरा कोण ध्यानात ठेवतं? बोट मात्र त्याने पितळी कठड्याला हात लावताच ओळखली.

"ही तर माझीच," तो रडत हसत म्हणाला. "होडी उलटली तेव्हा वाटलं, संपलं. एवढ्याशा उजेडात कुणाला दिसणार मी?"

बोटीवर शिरस्ता होता. ज्याला माणूस आधी दिसला त्याने वहीत नोंद लिहायची, वाचलेल्याने खाली सही करायची, वर कप्तानाचा शिक्का. एरवी सुकाणूवाला कोंबडीचे पाय उमटवायचा. आज एकेक अक्षर कोरून काढत होता.

"लग्नाची पत्रिका लिहितोयस की काय?" अर्ध्या दाढीचा साबण पुसत कप्तान म्हणाला.

त्याने नोंद पुरी केली. 'सहा वाजून वीस मिनिटं. सूर्य मावळताना. चाकामागून, उघड्या डोळ्यांनी, तीनशे हातांवरून पाण्यातल्या माणसाचं डोकं स्वच्छ दिसलं.' मग वही मालकापुढे धरली.

"वाचून बघा," तो म्हणाला.

"ज्याने जीव वाचवला त्याचं काय वाचून बघायचं?" मालकाने लांबलचक सही ठोकली. कप्तानाने शिक्का मारला. मालकाने सुकाणूवाल्याचे दोन्ही हात धरले. "तुझे उपकार कसे फेडू, बाबा?"

सुकाणूवाल्याने हात सोडवून घेतले. सहीवर फुंकर घातली, शाई वाळल्याची खात्री केली आणि वही छातीशी धरली.

"आत्ताच फेडलेत," तो म्हणाला. "माझ्या भावाचं डोकंही एवढंच होतं, मालक."