रानातल्या अळंब्या

मास्तर रानातून परतले तेव्हा मास्तरीणबाई टीव्हीसमोर होत्या. स्वयंपाकाच्या स्पर्धेत कुणाचा तरी केक बसला होता, त्यामुळे त्यांना मान वळवायलाही सवड नव्हती. आत फ्रिजचं दार वाजलं. पाणी पीत असतील.

जाहिरात लागली तशा त्या उठल्या आणि आत येऊन त्यांनी ओट्यावरच्या टोपलीत डोकावून पाहिलं. टोपलीभर पांढऱ्या अळंब्या, मातीने माखलेल्या.

"अहो, या खायच्या?"

"मग? कालच्या भागात त्या जंगलातल्या गड्याने अश्शाच खाल्ल्या. आज तुझं सूप होऊन जाऊ दे!"

बाईंनी पेपरात वाचलं होतं, अशाच अळंब्या खाऊन झोपलेल्या एका घरात सकाळी दार उघडायला कुणी उरलं नव्हतं. विषाची परीक्षा कोण घेणार?

पण निवृत्त झाल्यापासून मास्तर नुसते भिंतीकडे बघत बसायचे. जंगलात एकट्याने तग धरणाऱ्यांचा तो कार्यक्रम लागला आणि ते माणसात आले. चकमकीने जाळ करायच्या नादात त्यांनी पडदा पेटवला, तेव्हाही बाई हसल्याच होत्या. आता तोंडावर नाही म्हटलं, तर हा माणूस पुन्हा भिंतीकडे तोंड करून बसेल, याची त्यांना विषाइतकीच भीती वाटली.

"आधी आंघोळ करून या," त्या म्हणाल्या.

नळाचा आवाज आला तशी त्यांनी टोपली कचऱ्याच्या डब्यात उपडी केली आणि वर बटाट्याची सालं पसरली. फ्रिजमध्ये बाजारातल्या अळंब्यांचं पाकीट होतंच. ते फोडलेलं होतं, पण एवढं बघायला वेळ कुणाला होता? त्यांनी भराभर चिरायला घेतलं.

मास्तरांनी पहिला चमचा टीव्हीवरच्या परीक्षकासारखा डोळे मिटून घेतला.

"दहापैकी दहा!"

त्यांनी दोनदा मागून घेतलं. बाईंच्या जिवात जीव आला. त्यांनीही आपला वाडगा चाटूनपुसून संपवला.

"एक सांगू? रागावू नकोस," मास्तर मिशीत हसले. "घरी पोचलो आणि माझा धीरच सुटला. म्हटलं, मी मेलो तर मेलो, पण तुला हे कसं खाऊ घालू? म्हणून फ्रिजमधल्याच काढून टोपलीत टाकल्या, वर थोडी माती चोळली. पाकीट रिकामं दिसलं असतं तर तू ओळखलं असतंस, म्हणून रानातल्या धुऊन त्यात भरून ठेवल्यात. उद्या आठवणीने फेकून दे हं."