पहिला वाडगा

"मीठ कमी आहे," खुसपटकाका वाडगा खाली ठेवत म्हणाले. "आणि मिरीचा हात आज जरा सैल सुटलाय."

झालं! सूपच्या गाडीवर बाबांच्या शेजारी उभ्या लेकीचं डोकंच फिरलं. सूप वाफाळतंय, रांगेत माणसं ताटकळलीत, आणि हा गृहस्थ फुकटच्या वाडग्याला नावं ठेवतोय!

बाबा मात्र शांत. "बरं," एवढंच म्हणाले. चिमूटभर मीठ टाकलं, थोडं गरम पाणी ओतलं, ढवळलं, पळी ओठांना लावून मान डोलावली. मग रांग पुढे सरकली.

हे रोजचंच होतं. काका आयुष्यभर घड्याळं दुरुस्त करत. आता माणसं दुरुस्त करतात, असं गल्लीत म्हणायचे. खुसपट काढल्याशिवाय त्यांचा दिवस सुरू होत नसे, म्हणून नावच तसं पडलं. पूर्वी ते इतरांसारखे रांगेत उभे राहत. अलीकडे बाबांनी त्यांना डोक्यावरच बसवलं होतं. पहिला वाडगा कायम त्यांचा.

बाबाही पूर्वी असे नव्हते. भात जरा करपला तर ताट सरकवून उठणारा माणूस. पण आई गेल्यानंतरच्या थंडीत तापाने अंथरुणाला खिळले, आणि उठले ते गरीब गायच होऊन. पुढ्यात येईल ते मुकाट्याने खायचे. दुखण्याने माणूस निवला, असं शेजारणी म्हणायच्या. लेकीलाही तसंच वाटे, आणि त्या निवण्याचा काका फायदा घेतात म्हणून ती मनातून धुमसत राही.

उद्या तर काका तिथे नकोच होते. रस्ता रुंद करायचा म्हणून नगरपालिका कडेच्या हातगाड्या हटवणार होती, आणि उद्या वर्तमानपत्रातल्या बाई गाडीचा इतिहास लिहून घ्यायला यायच्या होत्या. लेख झकास आला, लोकांनी आवाज उठवला, तर जागा वाचण्याची आशा होती. नाहीतर आजोबांची गाडी मोडीत.

आजोबांनी ती मोडक्या पलंगाच्या फळ्यांची बांधली होती, खाली बाळगाडीची चाकं. कारखान्याच्या फाटकाशी पाळी संपवून येणाऱ्यांना ते सूप पाजत. एका पुरात गाडी वाहून गेली ती पार शाळेच्या कुंपणात अडकलेली सापडली. आजोबांनी चिखल धुतला आणि तिथेच चूल पेटवली. त्यांचा एक दंडक होता. चुलीपाशी जो उभा, चव त्यानेच बघायची. घरच्या दुसऱ्या कुणी चवीसाठी पातेल्यात पळी घालायची नाही, आणि गिऱ्हाईक जेवल्याशिवाय घरच्यांनी घोटही घ्यायचा नाही. त्यामुळे लेक भाज्या चिरायची, वाडगे भरायची, पण सूप तिच्या वाट्याला यायचं ते तळाशी उरलेलं, गार झालेलं.

संध्याकाळी ती काकांच्या दारात जाऊन उभी राहिली.

"काका, उद्या गाडीवर येऊ नका."

"का गं?"

"पहिला वाडगा आता नको तुम्हाला."

"बाबांना माहीत आहे?"

"त्यांनीच सांगितलंय." धडधडीत थाप. पण ती मारताना तिला जराही लाज वाटली नाही.

काकांचा चेहरा एकदम उजळला. "तो म्हणाला? स्वतःहून? अगं, मग सोन्याहून पिवळं! सुटलो बाबा एकदाचा. थोरल्या बहिणीकडे जायचं कधीपासून राहिलंय. पहाटेच्याच गाडीने निघतो."

काय पण टोमणा! लेक तणतणतच घरी आली. पण काम फत्ते झालं होतं.

सकाळी वार्ताहर बाई वेळेआधीच हजर. पुराची गोष्ट ऐकून खूश झाल्या, बाळगाडीची चाकं वाकून बघितली. रांगेतला एक म्हातारा म्हणाला, "माझ्या बापाने इथे जी चव चाखली, तीच आज माझी नात चाखते." बाईंनी ते लगेच टिपून घेतलं. "एवढी वर्षं तीच चव? मग मला आता धीर नाही हं," त्या हसून म्हणाल्या. लेकीला आनंदाने भरून आलं.

बाबा मात्र गल्लीच्या टोकाकडे बघत होते.

"काका आले नाहीत अजून."

"सुरू करा ना बाबा. बाई खोळंबल्यात."

"थांब जरा. येतीलच."

त्यांनी पळी ओठांना लावली. पुन्हा लावली. मिठाच्या डब्यात हात घातला आणि रिकामाच बाहेर काढला. एवढ्या थंडीत त्यांच्या कपाळावर घाम आला होता. एवढं काय घाबरायचं, लेकीला वाटलं; तिला त्यांची दयाच आली. तिने पळी त्यांच्या हातून घेतली, वाडगा काठोकाठ भरला आणि हसतमुखाने बाईंच्या हातात दिला.

"ते आज यायचे नाहीत," ती बाबांच्या कानाशी पुटपुटली. "मीच नको म्हटलं त्यांना. पहाटेच बहिणीकडे गेले. रागवा हवं तर, पण नंतर."

बाबा रागावले नाहीत. त्यांनी गाडीची कड घट्ट धरली. पलीकडे बाईंनी चमचा भरला, फुंकर घातली आणि तोंडाशी नेला.

"पोरी," बाबा अगदी हळू म्हणाले, "त्या तापापासून मला कशाचीच चव लागत नाही गं."