आम्ही नाहीच असं समजा

कुलपं दुरुस्त करणारे काका म्हणजे शब्दाचे एकदम पक्के. त्यांच्या रोजच्या जगण्यावर फिल्म काढायला तिघं जण घरी आले. त्यांतली दिग्दर्शक पोरगी पहिल्याच दिवशी म्हणाली, "काका, आम्ही इथे नाहीच असं समजा. काहीही झालं तरी आमच्याकडे बघायचं नाही, आमच्याशी बोलायचं नाही."

झालं! काकांनी ओला टॉवेल कॅमेऱ्याच्या स्टँडवर वाळत घातला. कॅमेरावाला आंघोळीला गेलेला असताना खुशाल बाथरूमचा दिवा बंद केला. काकूंना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"अहो, त्या पोरांना चहा तरी विचारा!"

"कुठल्या पोरांना?"

शूटिंगच्या शेवटच्या दिवशी दोघं लेकीकडे आठवडाभर राहायला निघाली. काकू बस थांबवायला पुढे गेल्या. आतल्या खोलीत तिघं जण काकांच्या रिकाम्या खुर्चीचं शूटिंग करण्यात गर्क होते. काकांनी त्यांच्या डोक्यावरचा पंखा बंद केला, गॅस बघितला आणि दाराला स्वतः बनवलेलं कुलूप घातलं. ते त्यांच्याशिवाय कुणाच्या बापाला उघडायचं नाही.

बस सुटली आणि काकांचा फोन वाजला. पलीकडे पोरगी अगदी रडकुंडीला आली होती. "काका, परत या हो! आम्ही घरात अडकलोय! आम्ही खरंच आहोत इथे!"

काकांनी चकार शब्द न काढता फोन बंद करून खिशात टाकला आणि काकूंकडे बघून ते मिश्कील हसले.

 

"शेवटच्या दिवशी परीक्षा बघतेय माझी. लबाड कुठली!"